ताई, त्या स्टॅम्पवर सही करू नका

(यावल तालुक्यातल्या एका वाचक भगिनीचं पत्र. त्यांच्या विनंतीवरून नाव-गाव दिलेलं नाही, पत्रही थोडं आवरून घेतलं आहे.)

"माझं वावर मागच्या अंगाला आहे, अडीच एकर. पुढचं वावर चुलत दिरांचं. दोन्ही मिळून आधी एकच वावर होतं. १९८८ साली सासऱ्यांची आणि त्यांच्या भावाची वाटणी झाली, रोडकडचा भाग त्यांना गेला, मागचा आम्हाला. तेव्हापासून आमची गाडी त्यांच्या वावरातून, पूर्वेकडच्या बांधाला धरून जायची. आधी बैलगाडी, नंतर ट्रॅक्टर. कोणी कधी अडवलं नाही. मिस्टर वारले त्याला तीन वर्षं झाली. आता उताऱ्यावर माझं आणि दोन्ही मुलांचं नाव आहे, मुलगी अजून लहान आहे. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी दिरांनी गाडवाट नांगरून टाकली आणि तारेचं कुंपण ओढलं. म्हणतात, 'माणुसकीनं जाऊ देत होतो, हक्क कसला?' मागून नाल्यातून जाता येतं, पण पावसाळ्यात तिथं कंबरभर पाणी असतं आणि एरवीही ट्रॅक्टर रुततो. पोलिसांत गेले तर म्हणाले, ही दिवाणी बाब आहे. आता कांदेबागेची केळी कापणीवर आली आहे. दीर म्हणतात, पाचशेच्या स्टॅम्पवर लिहून द्या, मग यंदा गाडी जाऊ देतो. मुलगा म्हणतो, तार तोडून टाकू. भावकी आहे, सोयरीक त्याच गावात आहे. काय करू?"

ताई,

आधी स्टॅम्पचं बोलते, कारण ते आज-उद्यात घडायचं आहे. सही करू नका. पत्रासोबत तुम्ही त्या मजकुराचा फोटो पाठवलात हे फार बरं केलंत. त्यात लिहिलं आहे, "आमचे परवानगीने तात्पुरता वापर करीत आलो असून सदर रस्त्यावर आमचा कोणताही हक्क नाही व पुढे सांगणार नाही." एका हंगामाच्या केळीसाठी हे लिहून देणं म्हणजे सासऱ्यांनी आणि तुमच्या मिस्टरांनी सदतीस-अडतीस वर्षं केलेली वहिवाट आपल्या हातानं पुसणं.

असं का, ते नीट समजून घ्या. दुसऱ्याच्या जमिनीतून जाण्याच्या हक्काचा कायदा १८८२ चा आहे, भारतीय सुविधाधिकार अधिनियम. त्याच्या कलम १५ प्रमाणे वीस वर्षं उघडपणे, शांतपणे, खंड न पडता आणि हक्क म्हणून एखादी वाट वापरली, तर तो वापर पक्का हक्क होतो. यातला "हक्क म्हणून" हा भाग सगळ्यात महत्त्वाचा. मालकाच्या परवानगीनं पन्नास वर्षं गेलात तरी हक्क तयार होत नाही, कारण ज्यानं परवानगी दिली तो ती काढूनही घेऊ शकतो. तुमचे दीर "माणुसकीनं जाऊ देत होतो" असं म्हणतात ते रागाच्या भरात नाही. कोणीतरी जाणकारानं त्यांना ते वाक्य दिलं आहे, आणि तेच तुमच्या सहीनिशी त्यांना कागदावर हवं आहे. शिवाय अज्ञान, म्हणजे अठरा वर्षांखालच्या, मुलीच्या हिश्श्याचा हक्क आईलासुद्धा असा लिहून देता येत नाही, त्याला कोर्टाची परवानगी लागते. हे त्यांना शांतपणे सांगा. नकार द्यायला तेवढं कारण पुरेसं आहे, त्यासाठी भांडायची गरज नाही.

पण केळी थांबत नाही हेही मला कळतं. घड तयार झाल्यावर कटाई लांबली की माल बागेतच पिकायला लागतो आणि व्यापारी भाव पाडतो. तेव्हा दिरांना दुसरा कागद देऊ करा. त्यात एवढंच लिहा: "या हंगामाच्या केळी वाहतुकीसाठी अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंत पूर्व बांधालगतच्या रस्त्यानं वाहनं जातील. यामुळे दोन्ही बाजूंच्या रस्त्याबाबतच्या हक्कांना व दाव्यांना कोणतीही बाधा येणार नाही." दोघांच्या सह्या, दोन साक्षीदार. त्यांच्या कापसाचं किंवा हरभऱ्याचं थोडं नुकसान होणार असेल तर त्याची भरपाई द्यायची तयारी दाखवा, पण ती पिकाची भरपाई आहे असं स्पष्ट लिहा. रस्त्याचं भाडं असा शब्द त्यात येऊ देऊ नका. त्यांनी नाही म्हटलं, तर नाही म्हटलं याचा पुरावा ठेवा. निरोप तोंडी धाडू नका, व्हॉट्सॲपवर लिहून पाठवा.

मुलाला सांगा, तारेला हात लावायचा नाही. वाट तुमची असली तरी कुंपण तोडलं की नुकसानीचा गुन्हा त्याच्यावर दाखल होईल, आणि मग रस्त्याचं भांडण बाजूला पडून तुम्ही जामिनाच्या मागे फिरत बसाल. असं झालेलं मी आपल्याच भागात पाहिलं आहे. रस्ता ज्याचा बंद झाला तोच आरोपी, आणि पुढची तडजोड त्या गुन्ह्याच्या दडपणाखाली, मिळेल त्या अटीवर.

पोलिसांनी तुम्हाला परत पाठवलं त्याचा राग येणं साहजिक आहे, पण त्यालाही थोडा आधार आहे. वाट अडवणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १२६ खाली गुन्हा आहे. मात्र खासगी जमिनीवरची वाट अडवण्याचा आपल्याला हक्क आहे असं जो प्रामाणिकपणे मानतो, त्याला त्याच कलमात अपवाद दिला आहे. त्यामुळे पोलीस हात आखडता घेतात. हाणामारीची वेळ येईलसं वाटलं तर मात्र गप्प बसू नका, लेखी तक्रार द्या आणि पोच घ्या. शांतता भंग होण्याची भीती असेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६६ प्रमाणे जमिनीच्या वापराच्या वादात कार्यकारी दंडाधिकाऱ्याला लक्ष घालता येतं, आणि तालुक्यात ते काम तहसीलदारांकडेच असतं.

आता मुख्य गोष्ट. तुम्ही लिहिलंत की गावातल्या एका जाणत्यानं "१४३ खाली अर्ज टाका" असं सांगितलं. थांबा. रस्त्याच्या बाबतीत तहसीलदारांकडे जायची दोन वेगवेगळी दारं आहेत आणि आपले लोक नेमके चुकीच्या दारात उभे राहतात.

एक दार म्हणजे महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ चं कलम १४३. वावरात जायला वाटच नसेल तर दुसऱ्यांच्या बांधावरून नवी वाट मागण्याचं हे कलम. त्यात तहसीलदारांनी शेतकऱ्याला आपल्या वावरात जायला वाजवी वाट लागते, ही गरज बघायची असते. पण वाट मिळते ती बांधावरून, हद्दीवरून. वावराच्या मधून नाही. सहसा दोन्ही बाजूंच्या शेतकऱ्यांची थोडी थोडी जागा त्यात जाते.

दुसरं दार म्हणजे मामलतदार न्यायालय अधिनियम, १९०६ चं कलम ५. आधीपासून वापरात असलेली वाट कोणी अडवली तर तो अडथळा दूर करून घेण्याचं आणि पुन्हा अडवू नये असा मनाईहुकूम मिळवण्याचं हे कलम. इथे तहसीलदार मामलतदार कोर्ट म्हणून बसतात. तुमची गाडवाट होती, ती नांगरली, तार ओढली. तुमचं पहिलं दार हेच.

आणि या दाराला मुदत आहे. अडथळा केल्यापासून सहा महिने. तुम्ही लिहिलंत पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, आणि आता संक्रांत होऊन गेली. म्हणजे तुमच्याकडे जेमतेम महिना उरला आहे. कॅलेंडर काढून पोळ्याची इंग्रजी तारीख बघा, त्यात सहा महिने मिळवा आणि त्याच्या बरेच दिवस आधी अर्ज दाखल झालेला असू द्या. "आखाजीपर्यंत (अक्षय्य तृतीयेपर्यंत) बघू, पोरांचे मामा मध्यस्थी करतील" असं म्हणत बसलात तर हे दार बंद होईल. मध्यस्थी चालू राहू द्या, पण अर्ज दाखल करून.

अर्ज साध्या कागदावर लिहिला तरी त्यात काही गोष्टी यायलाच हव्यात. दोन्ही पक्षांची नावं, वय, धंदा, राहण्याचं ठिकाण. दोन्ही गट नंबर. वाट कुठून कुठपर्यंत होती, किती रुंद होती, कोणत्या बाजूला होती. अडथळा काय केला आणि नेमका कोणत्या तारखेला केला. साक्षीदारांची नावं, कागदांची यादी. आणि खाली सत्यापन, म्हणजे वरचा मजकूर माझ्या माहितीप्रमाणे खरा आहे असं लिहून सही. तारीख आणि सत्यापन या दोन गोष्टी राहून जातात आणि अर्ज तिथेच अडकतो. कलम "१४३ व ५ अन्वये" अशी खिचडी एका अर्जात करू नका. समोरचा वकील पहिल्याच तारखेला त्याच्यावर बोट ठेवतो, आणि मग वाट जुनी होती की नवी मागताय, हेच ठरत नाही.

निकाल तुमच्या बाजूनं लागला तर त्यावर दिरांना अपील नाही. पुनरीक्षणासाठी, म्हणजे तो आदेश तपासून घ्यायला, ते वर जाऊ शकतात, तुमच्याकडे ते फैजपूरला प्रांतांपुढे (उपविभागीय अधिकाऱ्यांपुढे) चालेल. आणि दिवाणी कोर्टाचा वेगळा हुकूम येईपर्यंत मामलतदारांचा आदेश लागू राहतो.

समजा मुदत हुकलीच, किंवा वाट आधीपासून होती हे सिद्ध झालं नाही, तर १४३ उरतं. त्याला अशी सहा महिन्यांची अट नाही. पण तेव्हा तुमची मागणी बदलते हे लक्षात ठेवा. मग दिरांच्या वावरातली जुनी गाडवाट नाही, तर पूर्वेच्या बांधावरून नवी वाट मागायची. आणि त्या बांधाच्या पलीकडे जो तिसरा शेजारी आहे त्यालाही त्यात सामील करावं लागेल, कारण जागा त्याचीही जाणार. ज्याचं तुमच्याशी काही वाकडं नाही असा माणूस विनाकारण समोर उभा राहतो. १४३ चा निकाल मान्य नसेल तर प्रांतांकडे अपील करता येतं, किंवा एक वर्षाच्या आत दिवाणी दावा लावता येतो. दावा लावला की अपिलाचा रस्ता बंद. म्हणून तिथे कुठे जायचं हे आधी ठरवून जायचं असतं.

दिवाणी कोर्टाचं थोडक्यात सांगते. वीस वर्षांच्या वहिवाटीचा हक्क कायमचा जाहीर करून घ्यायचा तर तो यावलच्या दिवाणी न्यायालयातच होईल, आणि वाट बंद झाल्यापासून दोन वर्षांच्या आत दावा लागला पाहिजे. शिवाय अडवलेलं कळूनही एक वर्ष गप्प राहिलात तर कायदा ते वहिवाटीतला खंड धरतो. म्हणून आजच दिरांना एक नोटीस जाऊ द्या, वकिलाची असो वा तुमच्या सहीची. "रस्ता अडवला आहे, मला मान्य नाही, मोकळा करा." स्पीड पोस्टानं पाठवा, पोहोच जपून ठेवा.

तुमच्या बाजूला आणखी एक गोष्ट आहे आणि ती पत्रात तुम्ही सहज लिहून गेलात: दोन्ही वावरं आधी एकच होती. एकत्र मिळकतीची वाटणी होऊन एका हिश्श्याला दुसऱ्या हिश्श्यातून गेल्याशिवाय गत्यंतर नसेल, तर सुविधाधिकार कायद्याचं कलम १३ त्या हिश्श्याला वाटेचा हक्क देतं. याला वीस वर्षंसुद्धा लागत नाहीत, वाटणी झाली त्या दिवशीच तो जन्माला येतो. दिरांच्या परवानगीचा मग प्रश्नच उरत नाही. पण इथे तुम्हाला खरं तेच सांगितलं पाहिजे. हा हक्क गरजेचा आहे, सोयीचा नाही. दुसरी वाट असेल, मग ती लांबची का असेना, तर कोर्ट म्हणेल तिकडून जा. त्यामुळे तुमची केस नाल्यावर येऊन थांबते. दीर पहिल्या दिवसापासून नाल्याकडे बोट दाखवतील. तो सातपुड्यातून येणारा नाला आहे, पावसाळ्यात त्यातून बैलही जात नाही, आणि नाल्याचं पात्र ही काही कोणी तुम्हाला दिलेली वाट नाही. हे तुम्हाला दाखवावं लागेल, आणि नुसतं सांगून भागणार नाही. पाणी असतानाचे फोटो-व्हिडिओ तुमच्याकडे किंवा शेजाऱ्यांकडे असतीलच, ते तारखेसह गोळा करा. पात्राच्या दोन्ही काठांची उंची, उतार, रुतलेल्या ट्रॅक्टरचा फोटो, सगळं. स्थळ पाहणीला मंडळ अधिकारी किंवा नायब तहसीलदार येतील तेव्हा त्यांना फक्त कुंपण दाखवून परत पाठवू नका, नाल्यापर्यंत चालवत न्या आणि पंचनाम्यात नाल्याचं वर्णन लिहून घ्या. पंचनामा वाचल्याशिवाय सही करायची नाही, काही चुकीचं असेल तर त्याच कागदावर आपली हरकत लिहून मग सही करायची.

बाकी पुराव्यांत भूमी अभिलेख कार्यालयातून गाव नकाशाची आणि गटाच्या नकाशाची नक्कल आणा. त्यावर तुमच्या गाडवाटेची तुटक रेषा असेल तर अर्धं काम झालं. नसेल तरी घाबरू नका, वाटणीनंतर पडलेल्या कितीतरी वाटा नकाशावर कधी चढल्याच नाहीत. १९८८ ची वाटणीची फेरफार नोंद तलाठ्याकडून किंवा तहसीलच्या अभिलेख कक्षातून काढा. वाटणीपत्र घरात असेल तर त्यात "जाण्या-येण्याचा रस्ता पूर्ववत" अशी एखादी ओळ आहे का ते शोधा. जुन्या लोकांनी लिहिलेल्या कागदांत ती ओळ बऱ्याचदा सापडते आणि घरच्यांना तिचा पत्ता नसतो. सासूबाईंच्या ट्रंकेत बघा. गूगल अर्थवर मागच्या वर्षांची उपग्रह छायाचित्रं पाहता येतात, त्यात बांधालगतचा गाडीचा पट्टा दिसतो का ते मुलाला बघायला सांगा. तार तोडण्यापेक्षा हे काम त्याच्या हातून व्हायला हवं. केळी व्यापाऱ्याच्या काट्याच्या पावत्या, ट्रॅक्टरवाल्याचा जबाब, जुना सालदार हयात असेल तर त्याचा. भावकीबाहेरचा एक साक्षीदार भावकीतल्या पाचांना भारी पडतो.

अर्जात रुंदी स्पष्ट मागा. नुसतं "रस्ता मोकळा करावा" असा आदेश झाला की चार फुटांची पाऊलवाट सोडून कुंपण मागे सरकवतात आणि पुन्हा पहिल्यापासून सगळं. महसूल विभागाच्या २२ मे २०२५ च्या शासन निर्णयात शेतरस्ता किमान तीन ते चार मीटर रुंद असावा आणि त्याची नोंद सातबाऱ्याच्या "इतर हक्क" रकान्यात घ्यावी असं म्हटलं आहे. त्याचा आधार घ्या. नोंदीची मागणी अर्जातच करा, कारण नोंद झाली की उद्या दिरांनी वावर विकलं तरी घेणाऱ्याला उताऱ्यावर रस्ता दिसेल.

वकिलाच्या फीची काळजी तुम्ही लिहिली नाहीत, पण ओळींमधून ती जाणवली. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ प्रमाणे स्त्रीला मोफत वकील मिळतो, तिचं उत्पन्न किती हे विचारलं जात नाही. यावल कोर्टातच तालुका विधी सेवा समितीचं काम चालतं. आधार कार्ड, सातबारा आणि हे सगळं प्रकरण एका पानावर लिहून घेऊन जा. दीर दिवाणी कोर्टात जाऊन तुमच्याविरुद्ध एकतर्फी मनाई आणतील अशी शंका असेल तर तिथे कॅव्हेट दाखल करायला सांगा. ती नव्वद दिवस चालते आणि तेवढ्या काळात तुम्हाला कळवल्याशिवाय हुकूम होत नाही.

राहिलं भावकीचं. तुम्ही विचारलंत, अर्ज केला तर नातं तुटेल का. ताई, नातं ताणलं गेलं ते कुंपण ओढलं त्या दिवशी. अर्ज केल्यानं ते आणखी बिघडेलच असं नाही. उलट बाई एकटी आहे, चार महिने फिरेल आणि सही करेल, हा हिशोब मोडला की माणसं बोलायला बसतात. एवढं मात्र करा, अर्जात दिरांबद्दल कडवट काही लिहू नका. शिवीगाळ केली, बायकामाणसांना त्रास दिला, असले वाढीव आरोप कोणी लिहायला सांगितले तर नकार द्या. वाट होती, अडवली, मोकळी करा, एवढ्यावरच राहा. मग परतीची जागा दोघांनाही राहते.

बोलणी सुरू झाली तर तुमच्याकडून देण्यासारखं काय आहे याचाही विचार ठेवा. त्यांच्या वावराला धक्का कमी लागेल अशा बेतानं वाट अगदी बांधाला चिकटवून घेणं, मुरूम टाकायचा खर्च उचलणं, त्यांच्या ठिबकच्या नळ्या जिथे आडव्या येतात तिथे जमिनीखालून पाइप टाकून देणं, पेरणीच्या आठवड्यात जड वाहन न नेणं. दिरांची खरी अडचण यातलीच एखादी असू शकते आणि ती अजून कोणी विचारलेली नाही. तुम्ही किंवा तुमच्या माहेरचं एखादं वडीलधारं माणूस विचारू शकतं.

जमलं तर ते पुन्हा स्टॅम्पवर गुंडाळू नका. वाटेचा हक्क लिहून घ्यायचा तर दुय्यम निबंधकाकडे दस्त नोंदवून घ्या. अर्ज किंवा दावा चालू असेल, किंवा अजून लावलाही नसेल, तरी लोकअदालतीत तडजोड ठेवता येते. तिथला निवाडा कोर्टाच्या हुकूमनाम्यासारखाच असतो आणि त्यावर अपील नसतं. तडजोडीला नकाशा जोडा, त्यावर वाट रंगवून मीटरमध्ये रुंदी लिहा, आणि मुलीच्या वतीनं तुम्ही सही करताय त्याला कोर्टाची परवानगी घ्यायला वकिलांना आठवण करा. मग तो निवाडा किंवा दस्त घेऊन तलाठ्याकडे फेरफारासाठी अर्ज द्या, आणि दिरांच्या गटाचा नवा उतारा काढून "इतर हक्क" मध्ये रस्ता चढला आहे का ते स्वतः वाचून बघा. तुमच्या उताऱ्यावर नाही, त्यांच्या.